खाड्याचे दिवस

जगूआण्णांच्या देशात वर्षाचे महिने सात. पोंगा, फुटवा, फुलोरा, मणी, उतरण, साखर आणि विसावा. प्रत्येक महिना तीस दिवसांचा, म्हणजे वर्ष दोनशेदहा दिवसांचं. वार नव्हते. आकाशात चंद्र दोन, थोरला आणि धाकला. थोरला आपल्यासारखाच कलेकलेनं वाढायचा. धाकला लहरी होता, मनात येईल तेव्हा उगवायचा, आणि तो दिसला की त्या दिवशी कुणी कुणाला रागवायचं नाही असा तिथला कायदा. देशाचं नाव झुंबरदेश.

हे सगळं मी वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी एका द्राक्षबागायतदाराच्या ओसरीवर बसून ऐकलं. त्या देशाचं कॅलेंडर चार वर्षांनी बंद पडलं, आणि ते माझ्यामुळे पडलं. हे मी आजवर बायकोलाही नीट सांगितलेलं नाही.

मी साताऱ्याचा, ज्युनिअर कॉलेजात गणित शिकवतो. बदली तासगावला झाली तेव्हा मुलीची बारावी होती, म्हणून घर साताऱ्यातच ठेवलं आणि तासगावजवळच्या एका वाडीत खोली शोधली. खोली जगन्नाथ पाटलांची. सगळे त्यांना जगूआण्णा म्हणत. साठी उलटलेला माणूस, अंगानं सडसडीत, डोक्याला टोपी आणि कानावर पेन्सिल. मी सामान घेऊन दारात उभा राहिलो, तर त्यांनी नाव, गाव, जात, पगार काहीच विचारलं नाही.

"आज तुमचा कितवा?" म्हणाले.

"कितवा काय?"

"दिवस वो. इथं आल्याला."

"आजच आलो."

"म्हंजे पयला." त्यांनी कानावरची पेन्सिल काढली आणि भिंतीवर टांगलेल्या पुठ्ठ्यावर काहीतरी लिहिलं. "छाटणी झाली तुमची. आता बगू फूट कशी निघतीया."

त्या भागात हे नवल नाही हे मला पुढं कळलं. द्राक्षवाल्याला तारीख लागत नाही. बागेची छाटणी झाली की तो पहिला दिवस. औषध कधी मारायचं, विरळणी कधी करायची, मण्यात पाणी कधी उतरेल, सगळं त्या दिवसापासून मोजायचं. शेजारशेजारच्या दोन बागांत एकाच सकाळी एकीचा चाळिसावा आणि दुसरीचा बावन्नावा दिवस असतो, आणि चहाच्या टपरीवर माणसं "काय गड्या, कितवा?" असंच एकमेकांना विचारतात. आण्णांनी ही सवय बागेबाहेर नेली होती, एवढंच. त्यांच्या लग्नाची तारीख त्यांना सांगता येत नसे. "ज्या साली त्र्याहत्तराव्या दिवशी गारा पडल्या, त्याच्या दुसऱ्या दिवशी," असं ते सांगत, आणि आतून कमलकाकी म्हणत, "गारा ध्यानात हायत, नवरी न्हाई."

पुठ्ठे म्हणजे बेदाण्याचे खोके. खोकं उलगडलं की आतली बाजू कोरी असते. तिच्यावर पट्टीनं आखून झुंबरदेशाचं एक वर्ष बसवायचं आणि ओसरीच्या भिंतीला खिळ्यावर टांगायचं. मी गेलो तेव्हा तिथं एकावर एक असे सात-आठ पुठ्ठे होते. जुने मुलाच्या लहानपणचे, वेड्यावाकड्या अक्षरातले. सगळ्यात वरच्या दोन पुठ्ठ्यांवरचं अक्षर मात्र आण्णांचं होतं.

मुलगा म्हणजे संदीप. देश त्या दोघांचा. तो सात-आठ वर्षांचा असताना बागेत जेवण घेऊन यायचा आणि बाप जेवेपर्यंत मांडवाखाली पाठीवर पडून राहायचा. वर लोंबणारे घड बघून म्हणाला, हा झुंबरांचा देश आहे. कुठल्याशा लग्नाच्या हॉलमध्ये त्यानं झुंबर पाहिलं होतं. मग रोज एक नियम. महिन्यांची नावं आण्णांची, चंद्र संदीपचे. चौथीत असताना परीक्षेच्या दिवशी हा पठ्ठ्या घरीच बसला. गुरुजी विचारायला आले तर म्हणाला, "आमच्यात विसावा लागलाय." गुरुजींनी कान पिरगाळला. आण्णांनी गुरुजींना चहा दिला, मुलाला शाळेत पोहोचवलं आणि परत येऊन पुठ्ठ्यावर नवा नियम लिहिला, 'विसाव्यातबी परीक्षा असतीया.' हे सांगताना काकी पदर तोंडाला लावून हसत. हसणं थांबलं तरी पदर तसाच राही.

बागेत कामाला येणाऱ्या बायकांनाही तो देश पाठ होता. विरळणीला आल्या की त्यातली एक हमखास ओरडायची, "आवं आण्णा, आज धाकला चंद्र उगावलाय म्हनं! आज वरडायचं न्हाई बरं का."

"उगावलाय व्हय? मग घड जरा बेतानं कापा. न्हाईतर मावळंल."

संदीप भरतीची तयारी करत होता. घराण्यात दोन चुलते फौजेत, त्यामुळे दुसरं काही त्याच्या डोक्यातच नव्हतं. दोनदा पळण्यात मागं पडला. तिसऱ्यांदा साताऱ्याला पळण्यात पास झाला, आणि छाती फुगवून एक सेंटिमीटर कमी भरली. वय संपत आलं होतं, पुढची संधी नव्हती. त्यानं साताऱ्याच्या एसटी स्टँडवरून घरी फोन केला. आण्णा म्हणाले, "आसूंदे गड्या. बाग हाय की. ये घरी." तो म्हणाला, "येतो संध्याकाळच्या गाडीनं." भांडण नाही, आदळआपट नाही. संध्याकाळची गाडी आली, तो आला नाही. पुढं तक्रार झाली, फोटो छापले, मुंबई-पुणे पालथं घातलं. फोन त्या दुपारनंतर कधीच लागला नाही. मी वाडीत राहायला गेलो तेव्हा याला आठ वर्षं होऊन गेली होती.

मी दर शनिवारी साताऱ्याला जायचो आणि सोमवारी सकाळी परत यायचो. पहिल्याच शनिवारी आण्णांनी मला संदीपचा फोटो व्हॉट्सॅपवर पाठवला. "तुमी स्टँडवर उतरता, चढता. जरा नजर टाकायची, एवढंच." सोमवारी मी आलो की ते ओसरीवर असत.

"दिसलं का कोण?"

"नाही आण्णा."

"बरं. च्या घ्या."

पहिलं वर्षभर मी खरंच बघत होतो. बाकांवर झोपलेल्यांची तोंडं बघायचो, रसवंतीतली पोरं बघायचो, एकदा एकाच्या मागं पार राजवाड्यापर्यंत गेलो. मग बघणं कमी झालं. मग मी फोनमध्ये डोकं घालून गाडीतून उतरायला लागलो. तरी सोमवारी "नाही आण्णा" म्हणताना माझा आवाज तसाच यायचा, म्हणजे मी शोधून दमलोय असा. त्या माणसानं एकदाही संशय घेतला नाही. साताऱ्याच्या स्टँडवर कुणीतरी आपल्यासाठी बघतंय या भरवशावर तो तीन वर्षं जगला, आणि तिथं कुणीच बघत नव्हतं.

एक दिवस मी वरचा पुठ्ठा नीट वाचला. वर 'वर्ष दुसरे' लिहिलेलं होतं. मी गणिताचा माणूस. संदीप गेल्यावर वर्षं नव्यानं मोजायला घेतली असं धरलं तरी झुंबरदेशाची चौदा-पंधरा वर्षं झाली असणार, मग दुसरं कसं? पुठ्ठ्याच्या कडेला पेन्सिलीनं बारीक फुल्यांच्या रांगाच रांगा होत्या.

"हे काय, आण्णा?"

"खाडं."

मजूर कामावर आला नाही की हजेरीत खाडा मांडतात. तो दिवस धरत नाहीत.

"संदीपचा नियम हाय," आण्णा म्हणाले. "दुसरीत होता. मी सांगलीला गेलतो, त्याला बूट आणायचं होतं. यायला उशीर झाला. बगतोय तर पोरगं फाट्यावर उभं. म्हनलं, कवापास्नं रं? तर म्हनतो, आण्णा, वाट बघायचा दिवस लय मोठा आसतोय, त्यो आपल्या कॅलेंडरात धरायचा न्हाई. मग लिवला नियम."

"मग हे मोजलेले दिवस कुठले?"

"ज्या दिवशी आटवण झाली न्हाई, त्यो दिवस मोजायचा. शेडवर बेदाणा वाळत घातलाय, वर ढग आलं, सगळी पळापळ. सांजंला ध्यानात येतंय, आरं, आज संदीपची आटवणच काडली न्हाई. मग त्यो मांडतो. खोटं कशाला लिवायचं?"

म्हणजे ते कॅलेंडर फक्त विसरण्यानं पुढं सरकत होतं. संध्याकाळची गाडी फाट्यावरून गेली की आण्णा पेन्सिल काढायचे. बहुतेक दिवशी फुली. वर्षातून चाळीसेक दिवस आकडा. आकडा लिहिताना त्यांचा चेहरा चोरी कबूल करणाऱ्यासारखा व्हायचा.

आता जे घडलं ते सांगतो.

आमच्याकडे माणूस बेपत्ता झाला आणि बारा वर्षं त्याचा ठावठिकाणा लागला नाही, की तो गेला असं धरून विधी करायची रीत आहे. देह नसतो म्हणून दर्भाचा आणि पळसाच्या पानांचा पुतळा करतात आणि त्याला अग्नी देतात. आण्णांचे धाकटे भाऊ रघुतात्या सांगलीत राहत. त्यांच्या मुलीचं लग्न ठरत होतं. एका रविवारच्या सुट्टीला मी वाडीतच होतो, तेव्हा ते आले. आण्णा बागेत होते. तात्या वाईट माणूस नव्हते, संदीपला त्यांनीच सायकल शिकवली होती.

"सर, तुमी शिकल्यालं. बारा वर्सं कवा पुरी हुत्यात, सांगा जरा. आण्णाला इचारलं तर त्यो म्हनतोय तिसरं चाललंय. ह्याचं असं लोंबकळत ठेवून घरात मांडव कसा घालायचा? पोराच्या जिवालाबी गती पायजे का नको?"

मी फोनवर हिशेब केला आणि तारीख सांगितली. दीड महिना राहिला होता. एवढं करून मी गप्प बसायला हवं होतं. तात्या म्हणाले, "आण्णा तुमचं ऐकतोय." आणि मी बोलायचं कबूल केलं. मला तेव्हा वाटलं की मी या घराचं भलं करतोय. आज विचार करतो तेव्हा त्यात दुसरंही काही दिसतं. मला सोमवारचा तो प्रश्न नको झाला होता.

आण्णा बागेतून आले, पाय धुतले, आणि भावाकडे न बघता मलाच म्हणाले, "सर, तुमी गणिताचं मास्तर. खरं सांगा. माजा हिशोब चुकतोय का?"

"हिशेब बरोबर आहे, आण्णा," मी म्हणालो. "पण ते कॅलेंडर खरं नाही. आपण घातलेल्या फुल्यांनी वर्षं थांबत नाहीत. बारा होतायत."

वर्गात एखाद्या मुलाला पायरी चुकली म्हणून सांगावं तसं सांगितलं मी. आवाज चांगला होता, समजावणीचा. आण्णांनी मान हलवली. "बरं," म्हणाले. मग भावाला म्हणाले, "सांग भटजीस्नी." उठून त्यांनी भिंतीवरचे सगळे पुठ्ठे काढले, एकावर एक लावले, आणि सुतळी कुठं सापडेना म्हणून तसेच हातात धरून उभे राहिले. काकींनी येऊन ते त्यांच्या हातातून घेतले. जाताना माझ्यासमोर थांबल्या.

"सर, तुमीच सांगत हुता, काठावरच्या पोराला दोन मार्क वाढवून देता म्हनून. आमच्या पोराला थोडं दिवस वाढवून देता आलं न्हाईत?"

त्या माझ्याशी बोलल्या ते हे शेवटचं वाक्य.

विधी सांगलीला कृष्णेच्या काठी झाला. मीही गेलो. जायला नको होतं, पण न जाणं त्याहून वाईट दिसलं असतं. पुतळा हातभर लांबीचा होता, डोक्याच्या जागी नारळ. भटजी समजूतदार होते, घाई केली नाही. त्यांनी सांगितलं, "आजची तिथी ध्यानात ठेवा. इथून पुढं वर्षश्राद्ध याच तिथीला."

"म्हंजे त्यो आज गेला?" आण्णांनी विचारलं.

"असंच धरायचं."

"आणि कालपातूर हुता?"

तात्यांनी तोंड फिरवलं. आण्णांनी अग्नी दिला. पळसाची पानं वाळलेली होती, भराभर पेटली. एवढ्या वर्षांच्या वाटेला संपायला चहा उकळायला लागतो तेवढाही वेळ लागला नाही.

परतताना जीपमध्ये आण्णा माझ्या शेजारी होते. मिरजेच्या बाजूनं येणारी एक गाडी पुढं गेली, तिच्याकडे बघत म्हणाले, "सर, भटजी काय म्हनत हुतं ऐकलं का? आता त्यो आला तरी तसा घरात घ्यायचा न्हाई. मेलेला माणूस त्यो. आदी त्याचं परत जल्माचं सगळं करायचं. बारसं." ते हसायला लागले. "पस्तिशीचं घोडं झालं आसंल. पाळण्यात कसं मावायचं?" हसता हसता त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली, आणि उरलेल्या रस्त्यात ती दोन्ही हातांनी घट्ट धरून बसले.

त्यानंतरच्या सोमवारी मी आलो तेव्हा ते ओसरीवर नव्हते. पुन्हा कधी त्यांनी "दिसलं का कोण?" विचारलं नाही. मला वाटलं होतं, सुटका होईल. साताऱ्याच्या स्टँडवर उतरलो की मी आता प्रत्येक चेहरा बघू लागलो. अजूनही बघतो. कुणाला सांगणार?

उन्हाळ्यात माझी बदली साताऱ्याला झाली. निघताना आण्णांनी बेदाण्याची पिशवी दिली. "तुमी खरं तेच सांगितलं, सर. मनाला लावून घेऊ नगा," म्हणाले. त्यांनी शिवी दिली असती तर मला बरं वाटलं असतं.

गेल्या दिवाळीनंतर न राहवून गेलो. न कळवता गेलो, कारण कळवलं असतं तर काकी घरात थांबल्या नसत्या. फाट्यावर उतरलो, खांद्याला सॅक होती. टपरीवर शेजारचा मारुती भेटला. त्याला विचारलं, आण्णांच्या बागेचा कितवा?

"कुणाला म्हाईत?" तो म्हणाला. "आण्णानं यंदा दिवस मोजलंच न्हाईत, सर. छाटणी केली आणि सोडून दिली. डोळं फुटायला काडीला पेस्ट लावत्यात, त्यो दिवस गेला. आमी इचारलं तर म्हनतोय, लावा कवाबी. निम्मं डोळं फुटलं, निम्मं तसंच झोपल्यात. तुमीच सांगा कायतरी, तुमचं ऐकतोय म्हातारा."

मी बांधाच्या वाटेनं चालू लागलो. चार वाजले असतील. ऊन माझ्या पाठीशी होतं. बाग खरंच तशी होती, एका वेलीवर हातभर फूट आणि शेजारची उघडी काटकी. पार पलीकडच्या टोकाला आण्णा उभे होते. त्यांनी डोळ्यांवर हात धरला. एक माणूस, एकटा, खांद्याला पिशवी, फाट्याकडून चालत येतोय, एवढंच त्यांना दिसलं असणार.

ते चालू लागले. मग भराभर चालू लागले. मग पळू लागले. सत्तरीला आलेला माणूस, टोपी उडाली ती तशीच, एक चप्पल चिखलात राहिली तिच्यासाठी थांबले नाहीत. अर्ध्या वाटेवर मला कळलं ते कुणाकडे पळतायत. तेव्हाच हाक मारायला हवी होती, 'आण्णा, मी आहे, सर.' मी जागच्या जागी उभा राहिलो, जणू न हलल्यानं आणखी थोडा वेळ मी तो दुसरा माणूस राहणार होतो.

वीसेक पावलांवर त्यांना दिसलं. पाय आपोआप थांबले. छाती वरखाली होत होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग इकडेतिकडे पाहिलं, आणि शेजारच्या ठिबकच्या व्हॉल्व्हपाशी खाली वाकले. तो उघडला, बंद केला, परत उघडला.

"व्हॉल्व्ह बघायला आलतो," मान वर न करता म्हणाले. "गळत हुता."

व्हॉल्व्ह कोरडा होता. मी त्यांच्या बाजूनं पुढं जाऊन चिखलातली चप्पल काढून आणली, तरी ते तसेच वाकलेले होते.